कुसुमावती देशपांडे यांची समीक्षा व नवसाहित्याचा कालनिर्णय

१९६१ साली ग्वाल्हेर येथे भरलेल्या मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद कुसुमावती देशपांडे यांनी भूषविले आणि त्याच वर्षी १७ नोव्हेंबर रोजी त्यांचे देहावसान झाले. मराठी ग्रंथकारांचे पहिले संमेलन माधवराव रानडे यांच्या अध्यक्षतेखाली १८७८ साली पुण्यास भरले होते. म्हणजे या व्यासपीठाच्या सर्वोच्च स्थानी एका स्त्रीला बसलेली पाहण्यास मराठी साहित्यविश्वाला ८३ वर्षे लागली. ज्या वर्षी ते पहिले संमेलन भरले, त्याच वर्षी लंडन विद्यापीठाने आपल्या पदव्या स्त्रियांना खुल्या केल्या होत्या, आणि पुढे अर्धशतकाने त्याच विद्यापीठाची पदवी घेऊन कुसुमावतीबाई नागपुरास परतल्या. हा योगायोग नुसता चमत्कृतीचा नाही. ज्या शिक्षणाने ही समीक्षक घडली त्याची वाट किती लांबची होती आणि ज्या समाजात तिला बोलायचे होते तो किती सावकाश चालत होता, हे त्यावरून ध्यानात येते.

त्या अध्यक्षपदाने कुसुमावतीबाईंचा गौरव झाला खरा. परंतु त्याबरोबर एक हानीही झाली, असे म्हणणे प्राप्त आहे. 'संमेलनाच्या पहिल्या स्त्री अध्यक्ष' हीच त्यांची मुख्य ओळख होऊन बसली. आपल्या विद्यार्थ्यांना त्यांच्याविषयी विचारावे, तर बहुधा दोन उत्तरे मिळतात: पहिल्या स्त्री अध्यक्ष आणि कवी अनिल यांच्या पत्नी. 'कुसुमानिल' हा दोघांचा पत्रसंग्रह १९७२ साली प्रसिद्ध झाल्यापासून दुसरी ओळख अधिकच दृढ झाली. अनिलांनी १९५८ साली मालवणच्या संमेलनाचे अध्यक्षपद स्वीकारले होते. त्यांना मात्र कोणी 'कुसुमावतींचे पती' म्हणून ओळखत नाही. या दोन्ही ओळखींत जे हरवते ते म्हणजे त्यांचे समीक्षाकार्य. त्याकडे आज पाहताना दोन प्रश्न उभे राहतात. स्त्रीवादी समीक्षेच्या मराठी परंपरेत त्यांना स्थान द्यावे काय, हा पहिला. आणि नवसाहित्याचा आरंभ कोठून धरावा, या जुन्या वादाशी त्या स्थानाचा काही संबंध आहे काय, हा दुसरा. प्रस्तुत लेखकाच्या मते दुसऱ्याचे उत्तर दिल्यावाचून पहिल्याचे देता येत नाही.

प्रथम चरित्राचा आवश्यक तेवढा भाग सांगतो. त्यांचा जन्म १० नोव्हेंबर १९०४ रोजी अमरावती येथे झाला. माहेरचे आडनाव जयवंत. नागपूर विद्यापीठाची स्थापना १९२३ची, आणि कुसुमावतीबाई १९२६च्या पदवीधर. अर्थात या विद्यापीठाच्या अगदी पहिल्या पिढीतील त्या विद्यार्थिनी होत. पुढे लंडनच्या वेस्टफील्ड कॉलेजात इंग्रजी साहित्याचा विशेष अभ्यास करून १९२९ साली त्यांनी तेथील पदवी संपादन केली, त्याच वर्षी त्यांचा विवाह झाला, आणि त्यानंतर नागपूरच्या मॉरिस कॉलेजात त्यांनी अनेक वर्षे इंग्रजीचे अध्यापन केले. आयुष्याच्या अखेरच्या काळात त्या दिल्लीस आकाशवाणीवर होत्या. तेथे त्यांच्याकडे विभाग आला तो स्त्रिया व मुले यांच्या कार्यक्रमांचा. मराठी कादंबरीच्या शंभर वर्षांचा हिशेब ज्या बाईंनी मांडला त्यांना शासनयंत्रणेने जे दालन दिले ते हे. यात कोणाचा दुष्ट हेतू होता असे नव्हे. परंतु ज्या काळाविषयी आपण बोलत आहो त्याची रीत या एका नेमणुकीत दिसून येते.

लंडनच्या वास्तव्याविषयी थोडे अधिक बोलले पाहिजे. वेस्टफील्ड हे मुळात स्त्रियांसाठी १८८२ साली काढलेले महाविद्यालय. इंग्लंडमध्ये पुरुषांच्या बरोबरीने मताधिकार स्त्रियांना मिळाला तो १९२८ साली. त्याच वर्षीच्या ऑक्टोबर महिन्यात व्हर्जिनिया वुल्फ यांनी केंब्रिजच्या दोन स्त्री-महाविद्यालयांत स्त्रिया आणि कादंबरी या विषयावर व्याख्याने दिली आणि १९२९ साली त्यांतून 'अ रूम ऑफ वन्स ओन' हे पुस्तक निघाले. त्यापूर्वीच 'मिसेस डॅलोवे' (१९२५) व 'टु द लाइटहाउस' (१९२७) या कादंबऱ्यांनी इंग्रजी कथनाची घडी मोडली होती. नागपूरची एक विद्यार्थिनी याच वर्षांत, स्त्रियांसाठीच काढलेल्या महाविद्यालयात, इंग्रजी साहित्य वाचीत होती. यावरून प्रभावाचे प्रमेय उभारण्याचा मोह टाळला पाहिजे. तौलनिक अभ्यासात आपण प्रभावाचा शोध फार लवकर घेऊ लागतो, आणि मग मराठी लेखिकेच्या प्रत्येक पानावर कोणा परकीय लेखिकेची सावली दिसू लागते. सांगावयाचे आहे ते इतकेच की, कथानकाच्या साखळीवाचून गद्य उभे राहू शकते आणि घरातला, क्षुद्र मानला गेलेला अनुभव हाच साहित्याचा गाभा होऊ शकतो, हा विचार त्या काळी हवेत होता, आणि कुसुमावतीबाई त्या हवेत वावरल्या होत्या.

परत आल्यावर त्यांनी प्रथम लिहिल्या त्या कथा. 'दीपकळी' १९३४ साली प्रसिद्ध झाली. पुढे 'दीपदान' व 'मोळी' हे संग्रह आले. 'मोळी' आली तेव्हा दुसरे महायुद्ध संपत आले होते. मराठी लघुकथा त्या दशकात ना. सी. फडके यांच्या 'प्रतिभासाधन' (१९३१) या ग्रंथाने घालून दिलेल्या तंत्राच्या चौकटीत वाढत होती: आकर्षक आरंभ, वाढती उत्कंठा, शेवटी कलाटणी. कुसुमावतीबाईंच्या कथेत यांपैकी फारसे काही सापडत नाही. ती लघुनिबंधाच्या सीमेवर घोटाळते. एखादी मनःस्थिती, एखादे दृश्य, रस्त्यावर वा दाराशी दिसलेले एखादे कष्टकरी माणूस, यांपाशी ती थांबते आणि चिंतनात विरून जाते. घटना घडते ती पाहणाऱ्याच्या मनात. तिला दोष द्यावयाचाच असेल तर तो आहे: कित्येक ठिकाणी चिंतन पात्राला झाकून टाकते आणि भाषा अधिक कोमल होते. परंतु कथेचे केंद्र घटनेवरून संवेदनेवर आणण्याचे काम तिने केले, आणि तेही नवकथेचा गाजावाजा होण्याच्या दहा वर्षे आधी.

आता नवकथेच्या इतिहासाकडे वळू. आपल्या सर्व पाठ्यग्रंथांत हा इतिहास १९४५च्या सुमारास सुरू होतो. अरविंद गोखले, गंगाधर गाडगीळ, पु. भा. भावे व व्यंकटेश माडगूळकर हे तिचे चार शिल्पकार. गाडगीळांचा 'मानसचित्रे' हा संग्रह १९४६चा. कवितेत मर्ढेकरांच्या 'काही कविता' १९४७च्या. या मांडणीत कुसुमावतीबाईंचा उल्लेख नसतो असे नाही. तो असतो, आणि आदरानेही असतो; पण तो 'पूर्वसूरी' या शब्दाखाली. पूर्वसूरी हा शब्द मोठा सभ्य आहे. तो ज्याला लावावा त्याचा सन्मान होतो आणि त्याला घराबाहेर, ओसरीवर, बसविलेही जाते. आरंभ कोणी केला हे विचारले की उत्तर दुसरेच येते.

या वर्गीकरणाचे कारण लेखिकेचे स्त्रीत्व होय, असे सरसकट म्हणता येईल काय? तसे म्हणण्यापूर्वी एका अडचणीचा विचार केला पाहिजे, आणि ती अडचण आपल्याच प्रदेशातील आहे. त्याच ओसरीवर वामन चोरघडे बसलेले आहेत. त्यांचा 'सुषमा' हा संग्रह १९३६चा. त्यांच्याही आधीचे दिवाकर कृष्ण तेथे आहेत. त्यांचे 'समाधी व इतर सहा गोष्टी' हे पुस्तक १९२७चे. हे दोघेही पुरुष होते. मग भेद स्थळाचा म्हणावा काय? चोरघडे विदर्भाचे, दिवाकर कृष्ण हैदराबादचे, कुसुमावतीबाई नागपूरच्या. आणि नवसाहित्याची मान्यता ठरली ती मुंबई-पुण्याच्या नियतकालिकांत, विशेषतः 'सत्यकथे'त. हे स्पष्टीकरण वैदर्भीय वाचकाला सुखावणारे आहे, म्हणूनच त्याविषयी सावध राहिले पाहिजे. पु. भा. भावे यांची त्या काळातील कर्मभूमी नागपूरच होती, आणि त्यांना मात्र आरंभकांत स्थान मिळाले.

तेव्हा लिंगभेद व प्रदेशभेद यांपैकी कोणतेही एक कारण पुरत नाही. प्रस्तुत लेखकाला जे दिसते ते असे. १९४१ साली मर्ढेकरांचा 'वाङ्मयीन महात्मता' हा ग्रंथ आला, आणि पुढे त्यांच्या लयतत्त्वाच्या विवेचनाने मराठी समीक्षेचे लक्ष आकृतीवर खिळले. नव्याची खूण काय, तर आकृतीतील तोडमोड: प्रतिमांची विचित्र जुळणी, यंत्रयुगाची भाषा, मनाच्या अंतर्भागातील विसंगती. ज्या लेखनात ही तोडमोड आक्रमकपणे जाणवली ते 'नवे' ठरले. जेथे ती हळुवारपणे झाली ते 'भावकाव्यात्म' ठरले. हळुवारपणा हा गुण आणि स्त्रीत्व यांची सांगड आपल्या समीक्षेच्या परिभाषेत इतकी घट्ट बसलेली आहे की, एकदा एखाद्या लेखनाला 'हळुवार' म्हटले की त्यातील बंड दिसेनासे होते. चोरघड्यांच्या कथेलाही हे विशेषण याच भावाने लावले गेले. म्हणजे वर्गीकरण लेखकाच्या देहावरून झाले नसून लेखनाला चिकटविलेल्या लिंगावरून झाले, असे म्हणणे अधिक बरोबर होईल.

पाश्चात्य अभ्यासकांनीही हा प्रश्न उशीराच विचारला. बॉनी काइम स्कॉट यांनी संपादिलेला 'द जेंडर ऑफ मॉडर्निझम' हा ग्रंथ १९९० साली निघाला. एलियट, पाउंड, जॉइस यांच्याभोवती उभारलेला आधुनिकतावादाचा नकाशा अपुरा आहे, आणि तो आखतानाच काही लेखन बाहेर ठेवले गेले, हे त्याने मूळ लेखनाचे नमुने पुढे ठेवून दाखविले. मराठीत असा ग्रंथ झाला, तर त्यात पहिले पान कोणाचे असेल? १९३३ साली 'कळ्यांचे निःश्वास' प्रसिद्ध झाले. विभावरी शिरूरकर हे टोपणनाव; त्यामागील लेखिका कोण, याचा शोध वाचक करीत राहिले आणि पुस्तकावर मोठे वादंग माजले. लेखिका बाळूताई खरे, पुढील मालतीबाई बेडेकर. वाद झाला तो सुशिक्षित अविवाहित स्त्रियांच्या मनातील गोष्टी उघड बोलण्याबद्दल, म्हणजे आशयाबद्दल. त्या पुस्तकात कथानकाची पकड सैल करून मनोगताला वाट दिली होती, याची चर्चा त्या मानाने फार थोडी झाली. १९३९ साली विश्राम बेडेकरांचे 'रणांगण' आले, १९४२ साली मर्ढेकरांची 'रात्रीचा दिवस' ही संज्ञाप्रवाहाची कादंबरी आली, आणि या दोन्ही पुस्तकांच्या चर्चेत रचना अग्रभागी राहिली. स्त्रीचे पुस्तक 'प्रश्न' मांडते आणि पुरुषाचे पुस्तक 'प्रयोग' करते, ही वाटणी तेव्हापासूनची आहे. वाशीमला जन्मलेल्या गीता साने यांची 'निखळलेली हिरकणी' ही १९३६ची कादंबरी तर या वाटणीत पुरतीच गडप झाली.

अशा परिस्थितीत कुसुमावतीबाईंनी मराठी कादंबरीचा इतिहास लिहिण्यास घेतला. 'मराठी कादंबरी : पहिले शतक' या ग्रंथाचा पहिला भाग १९५३ साली व दुसरा १९५४ साली प्रसिद्ध झाला, त्यात १८५० ते १९५० हा कालखंड आला आहे. याच सुमारास त्यांचे समीक्षालेख 'पासंग' या नावाने संगृहीत झाले. पासंग म्हणजे तराजूची दोन्ही पारडी समतोल करण्यासाठी हलक्या पारड्यात घालावयाचे लहानसे वजन. नाव विनयाचे आहे. पण समीक्षकाच्या कामाची जी कल्पना त्यात आहे ती साधी नाही. पासंग घातल्यावाचून तराजू खरे बोलत नाही, हे ज्याला ठाऊक आहे तोच हे नाव ठेवील.

कादंबरीच्या इतिहासात त्यांनी स्वीकारलेली भूमिका अशी की, कादंबरीकडे समाजाच्या स्थित्यंतरांच्या पार्श्वभूमीवर पाहावे आणि लेखकाच्या जीवनदृष्टीची खोली हा तिच्या मोलाचा निकष मानावा. फडक्यांचे तंत्र एका बाजूस आणि मर्ढेकरांची लय दुसऱ्या बाजूस असता त्यांनी धरलेली ही मधली वाट तरुण समीक्षकांना काहीशी जुनी वाटली असल्यास नवल नाही. तथापि मराठी कादंबरीच्या बाबतीत ही भूमिका स्त्रीप्रश्नापर्यंत नेल्यावाचून राहत नाही, हे पुरेसे ध्यानात घेतले गेलेले नाही. कारण त्या शतकातील कादंबरीचा विषयच मुळी स्त्री हा आहे. बाबा पदमनजींचे 'यमुनापर्यटन' (१८५७) विधवांच्या स्थितीवर. हरिभाऊंची 'पण लक्षात कोण घेतो' यमूच्या तोंडून सांगितलेली. वामन मल्हारांची 'रागिणी' (१९१५), 'सुशीलेचा देव' (१९३०) व 'इंदू काळे व सरला भोळे' (१९३४) ही तर शीर्षकेच स्त्रियांची. केतकरांची 'ब्राह्मणकन्या' (१९३०) तशीच. साळूबाई तांबवेकर यांची 'चंद्रप्रभाविरहवर्णन' १८७३ची आणि काशीबाई कानिटकरांची 'रंगराव' १९०३ची. परंतु या शतकाच्या बहुतेक भागात स्त्री ही कादंबरीची नायिका आहे, निवेदक आहे, वाचकही होत चालली आहे, आणि लेखक मात्र क्वचितच आहे. अशा शतकाचा इतिहास एका स्त्रीने लिहावा, यात केवळ लेखिकेच्या नावाचा फरक पडत नाही. हरिभाऊंनी यमूला बोलते केले. कुसुमावतीबाईंनी अशा सर्व यमूंना कोणी, कसे आणि कितपत बोलते केले याचे मोजमाप आरंभिले.

मग त्यांना स्त्रीवादी समीक्षक म्हणावे काय? आमचे उत्तर नकारार्थी आहे. हा शब्दच मराठी समीक्षेत १९७५नंतर रूढ झाला, हे एक कारण. पण ते दुय्यम आहे. मुख्य कारण असे की, कुसुमावतीबाईंनी समीक्षकाचा आवाज सर्वसामान्य, निर्लेप, लिंगनिरपेक्ष असावा असे मानून लिहिले. त्या काळी इंग्रजी साहित्याच्या प्राध्यापकाकडून हीच अपेक्षा असे, आणि स्त्रीला तर ती दुप्पट कसोशीने पाळावी लागे. 'बायकी' हे विशेषण लागले की युक्तिवाद संपला. पुरुष व स्त्री लेखकांना त्यांनी एकाच तराजूत तोलले. त्यात मोठे धैर्य होते. पण त्या तराजूचे माप कोणी घडविले, हा प्रश्न त्यात विचारला जात नाही.

तो प्रश्न विदर्भातच एका स्त्रीने सत्तर वर्षांपूर्वी विचारला होता, ही या कथेतील सर्वांत चटका लावणारी बाब होय. बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांचे 'स्त्रीपुरुषतुलना' १८८२ साली पुण्यास छापले गेले. सुरतेच्या विजयालक्ष्मी या विधवेवरील खटल्याच्या निमित्ताने वृत्तपत्रांत जी स्त्रीनिंदा सुरू झाली तिला ते उत्तर होते. परंतु ताराबाई तेवढ्यावर थांबल्या नाहीत. पोथ्यापुराणांतील आणि समकालीन नाटके-कादंबऱ्यांतील स्त्रीचित्रणावरही त्यांनी हल्ला चढविला. 'मुक्तामाला' कादंबरीही त्यातून सुटली नाही. कादंबरीतील स्त्री ही कोणाच्या सोयीसाठी तशी रंगविली आहे, असा त्यांचा रोख आहे. आज आपण ज्याला स्त्रीवादी वाङ्मयसमीक्षा म्हणतो ती ही. जोतीराव फुले यांनी 'सत्सार'मध्ये ताराबाईंची बाजू घेतली. पण नंतर पुस्तक विस्मृतीत गेले ते स. गं. मालशे यांनी १९७५ साली पुन्हा प्रकाशात आणीपर्यंत. म्हणजे 'मराठी कादंबरी'चे दोन भाग लिहिले जात होते तेव्हा, ज्या ग्रंथाने त्यांना हवे ते माप दिले असते, तो ग्रंथ वाङ्मयीन चर्चेतून नाहीसा झालेला होता. मग प्रत्येक पिढीतील स्त्रीला आरंभ पुन्हा पहिल्यापासून करावा लागतो, आणि ती 'पहिली' म्हणून गौरविली जाते.

पुढील काळात चित्र काहीसे पालटले. कमल देसाई यांच्या 'काळा सूर्य' व 'हॅट घालणारी बाई' या १९७५च्या लघुकादंबऱ्यांनी प्रश्न व प्रयोग ही वाटणी मोडीत काढली. मर्ढेकरांच्या कवितेवरील मोठा अभ्यासग्रंथ १९९१ साली सिद्ध झाला तो विजया राजाध्यक्ष यांच्या हातून, आणि २००१ साली इंदूरच्या संमेलनात त्या अध्यक्ष झाल्या. दुर्गा भागवत (१९७५) व शान्ता शेळके (१९९६) यांच्यानंतर. कुसुमावतीबाईंचे एक काम अपुरे राहिले होते: मराठी साहित्याचा इंग्रजीतील इतिहास. तो मं. वि. राजाध्यक्ष यांनी पूर्ण केला आणि दोघांच्या नावे साहित्य अकादमीने १९८८ साली प्रसिद्ध केला. मराठी न जाणणारा अभ्यासक आमच्या वाङ्मयाची माहिती करून घेण्यासाठी प्रथम जे ग्रंथ उघडतो त्यांत हा येतो, आणि त्याच्या मुखपृष्ठावरील पहिले नाव नागपूरच्या एका प्राध्यापिकेचे आहे.

आपल्या पदव्युत्तर अभ्यासक्रमाच्या दृष्टीने यातून एक लहानशी सूचना निघते. नवकथा शिकविताना 'मानसचित्रे' आणि 'मोळी' ही दोन पुस्तके शेजारी ठेवून वाचावीत. दोहोंत एखाद्या वर्षाचेच अंतर आहे. प्रथम लेखकांची नावे झाकून वाचावीत, मग उघडून. 'हळुवार' व 'धारदार' ही विशेषणे विद्यार्थ्यांनी पहिल्या वाचनात कोणत्या पुस्तकाला लावली आणि दुसऱ्या वाचनात कोणत्या, याची टिपणे ठेवावीत. कुसुमावतीबाईंच्या 'दीपमाळ' या १९५८च्या संग्रहापर्यंत हे वाचन नेता आले, तर ज्या लेखिकेने कादंबरीचा इतिहास लिहिला तिच्या स्वतःच्या गद्यावर त्या इतिहासलेखनाचा काय परिणाम झाला, हेही तपासता येईल.